धरून ठेवलेलं ऊन

सूर्य डोंगराआड गेल्यावर दीड तास मी त्याला आमच्या गावात धरून ठेवला होता. या दोन हातांनी. तुमचा विश्वास बसणार नाही. कुणाचाच बसत नाही. बसला असता तर ही गोष्ट मला पुन्हा पुन्हा सांगत बसावी लागली नसती.

"सूर्य?" उटगीकर साहेबांनी चहाचा ग्लास खाली ठेवला. "धरून?"

"धरून."

"कशानं, काका?"

"सांगतो की. लाँच यायला तास आहे. जाताय कुठं?"

आम्ही धक्क्यावर शेवंताच्या चहाच्या टपरीत बसलो होतो. उटगीकर हे सोलरचे इंजिनिअर. आमच्या उंबरकोंडच्या आरोग्य उपकेंद्रावर नवी पॅनेलं बसवायची म्हणून मापं घ्यायला आले होते. मापं झाली होती, आता पाण्यापलीकडे न्यायला लाँच यायची होती. धरण झाल्यापासून आमच्या गावाला रस्ता नाही, येणं-जाणं पाण्यावरनं. त्यामुळे पाहुणा एकदा धक्क्यावर येऊन बसला, की लाँच येईपर्यंत तो माझा.

"ऐका साहेब," शेवंता स्टोव्हला पंप मारत म्हणाली. "पण निम्मं हितंच पाण्यात सोडून जावा."

"कशी बोलते बघा. हिच्याच बापाची गोष्ट, आणि हिलाच खरी वाटत नाही."

शेवंता पंप मारत राहिली.

बारा वर्षं झाली. मी कोल्हापुरात एकतीस वर्षं पिक्चरच्या लाइनीत होतो. नट नव्हे. सूर्याचं ऊन वळवून पाहिजे तिथं पाडणारा माणूस. प्लायवूडच्या फळीला चंदेरी पन्नी चिकटवलेली असते, तिला आम्ही रिफ्लेक्टर म्हणायचो. फळीच्या एका अंगाला पन्नी गुळगुळीत, तिचं ऊन कडक, सुरीसारखं. दुसऱ्या अंगाला चुरगळून चिकटवलेली, तिचं ऊन मऊ, सारवल्यासारखं पसरणारं.

"माझ्या कडक अंगानं एकदा नायकाचा शर्ट छातीवर जळला होता," मी म्हणालो.

"मागल्या पाव्हण्याला फेटा सांगितला होता," शेवंता म्हणाली.

"फेटा दुसऱ्या पिक्चरला."

कंपनी बंद पडली तेव्हा तीन रिफ्लेक्टर उचलून मी गावी आलो. दोन चंदेरी, एक सोनेरी. बायको म्हणाली, यांचं करायचं काय? मी म्हटलं, कोंबड्या झाक. त्याच वर्षी रखमाही परत आला. रखमाजी संकपाळ, शेवंताचा बाप. शाळेत आम्ही एका पाटीवर दोघं लिहायचो; गावाचा मी तात्या, त्याचा मात्र बाबू. त्यानं पंचवीस वर्षं मुंबईकडे खडीच्या क्रशरवर काढली आणि तिथली सगळी भुकटी छातीत भरून आणली. डॉक्टर म्हणाले, फुप्फुसं आतून दगड झालीत. आमच्या मुंबईकर मंडळींनी त्याला हवेतला ऑक्सिजन वेगळा काढून देणारं मशीन घेऊन दिलं. पण मशीनला वीज लागते, आणि गावात त्या वेळी वीज म्हणाल तर उपकेंद्राच्या छपरावर चार सोलर पॅनेलं, एवढीच. म्हणून रखमा रोज सकाळी नऊला डबा घेऊन उपकेंद्रात जायचा आणि चारला परत यायचा. कुणी विचारलं तर म्हणायचा, "ड्यूटीवर चाललोय. श्वास घ्यायच्या."

"मशीन किती वॅटचं?" उटगीकरांनी विचारलं.

"साडेतीनशे."

"आणि पॅनेलं?"

"नवी होती तेव्हा हजाराची. त्या वर्षी भर दुपारी सहाशे देत होती, तेही मेहेरबानीनं. बॅटऱ्या फुगलेल्या. ऊन गेलं की दोन भाकऱ्या भाजून होईस्तोवर टिकायच्या."

उटगीकरांनी वही उघडून हे लिहायला घेतलं. मग आपण काय करतोय ते ध्यानात येऊन ते हसले आणि वही मिटली.

त्या दिवशी खंडेनवमी होती. आमच्याकडे त्या दिवशी ज्याच्या जिवावर घर चालतं त्या प्रत्येक वस्तूला हळदीकुंकू लागतं. कोयता, नांगर, शिलाईमशीन, सिस्टरचा वजनकाटासुद्धा. आणि एकदा पूजा झाली की दसरा उजाडेपर्यंत हत्याराला हात लावायचा नाही. ते विसाव्याला. लाँच तेवढी देवीच्या कामाची, म्हणून तिला सूट. सगळं गाव सकाळीच लाँचनं पलीकडच्या देवीला गेलं होतं, ते सहा वाजता परतणार होतं. मागं राहिलो चौघं. रखमा, त्याच्यासाठी शेवंता, उपकेंद्राच्या कांचन सिस्टर, आणि गुडघ्यांपायी मी.

अकराच्या सुमाराला शेवंता धावत आली. "तात्या, मशीन शिट्टी मारतंय! आबांना पुरंना."

गेलो. सिस्टर भिंतीवरच्या इन्व्हर्टरसमोर उभ्या होत्या. त्यावर किती वॅट येतात ते आकड्यात दिसायचं.

"एकशेतीस," त्या म्हणाल्या. "बाहेर ढगाचा ठिपका नाही, आणि एकशेतीस! सकाळपासनं हे बॅटरीवरच चाललं होतं वाटतं. आता बॅटरीनं मान टाकली."

रखमा खाटेवर ताठ बसला होता, दोन्ही हात गुडघ्यांवर रोवून. नळी नाकाला. मला बघून म्हणाला, "आला... पिक्चरवाला."

शिडी लावून छपरावर चढलो, आणि वर बघतो तर काय! चारी पॅनेलांवर हळदीकुंकवाची स्वस्तिकं, आणि खालच्या कडेनं या टोकापासून त्या टोकापर्यंत झेंडूचा हार. मनगटाएवढा जाड. इतकं देखणं दिसत होतं की हात जोडायचेच बाकी राहिले होते.

"शेवंता, हे कुणी केलं?"

"मी." ती शिडीखाली मान वर करून उभी होती. "आज समद्यांची पूजा हाय. आबा याच्यावर जगत्यात. मग याची नको करायला?"

मी हाराचं टोक शोधलं.

"हार काढावा लागंल."

"उद्यापतुर काढत न्हाईत तात्या. देवाचा झाला त्यो."

"बाई, आजाऱ्याची डोली चौघं उचलतात. त्यातला एक लंगडला तर डोली कुणाच्या चालीनं चालते?"

"लंगड्याच्या."

"मग या काचेखालचे हे निळे तुकडे आहेत ना, ते सगळे एकाच डोलीचे खांदेकरी. तुझ्या हारानं खालच्या ओळीवर सावली पाडली. वरचे सगळे धडधाकट असून त्यांच्यासाठी थांबलेत."

"अगदी बरोबर," उटगीकर मध्येच म्हणाले. "एक ओळ झाकली तरी अख्खं पॅनेल बसतं. आम्ही हे दोन दिवस ट्रेनिंगमध्ये शिकवतो."

"मी एका वाक्यात शिकवलं."

शेवंता वर चढून आली. मला हात लावू दिला नाही. स्वतः हार काढला, पदर ओला करून चारी काचा पुसल्या आणि खाली उतरून हार पाण्यात सोडायला नाल्याकडे गेली. आतून सिस्टर ओरडल्या, "चारशेसाठ!" मशीन पुन्हा भुसभुसायला लागलं. मला वाटलं, झालं काम. घरी जाऊन जेवलोसुद्धा.

पण सकाळचे दोन तास कमी हवेवर गेले होते, ते रखमाला सोसले नाहीत. दुपारी एकला परत बोलावणं आलं. त्याचे ओठ जांभळे पडले होते. सिस्टर मला बाहेर घेऊन आल्या.

"यांना मोठ्या दवाखान्यात हलवायला पाहिजे."

"लाँच सहाला."

"माहीत आहे."

"सिलिंडर?"

"रिकामा. भरून आणायला आजच्याच लाँचनं पाठवलाय." त्यांनी खिडकीतून आत नजर टाकली. "सहापर्यंत मशीन सलग चाललं, तर नेता येईल. मध्ये थांबलं तर नाही."

मग त्या आत गेल्या, लसी फ्रिजमधून काढून बर्फाच्या डब्यात भरल्या आणि फ्रिज बंद करून टाकला. सगळी वीज रखमाला.

दोनला चारशेदहा होते. अडीचला तीनशेऐंशी. पॅनेलांचं तोंड दक्षिणेला आणि सूर्य चाललेला पश्चिमेला. तीनला तीनशेसाठ. अजून दहा उतरले की मशीन बंद. मी घरी गेलो आणि रिफ्लेक्टर काढले. सकाळी बायकोनं त्यांनाही कुंकू लावलं होतं. त्या दिवशी हात लावायचा नव्हता. लावला. एकतीस वर्षांत पहिल्यांदा खंडेनवमीला हत्यार उचललं.

आणि उचलल्यावर पहिली गोष्ट काय केली असेल, तर गाढवपणा. छपरावर नेऊन दोन्ही चंदेरी फळ्यांचं कडक अंग फिरवून सगळं ऊन पहिल्या पॅनेलवर ओतलं. ते असं लखलखलं की डोळे दिपले. मी विजयी आवाजात ओरडलो, "आता किती?"

"तीनशेसाठ," खिडकीतून सिस्टर.

"नीट बघा!"

"तात्या, मला आकडे वाचता येतात. तीनशेसाठ!"

मलाच माझी डोली आठवेना. चौघांतला एक जण पळत सुटला म्हणून डोली काय पळते? फळ्या उलट्या केल्या. चुरगळलेलं अंग वर, पॅनेलांच्या पुढ्यात थोड्या लांबवर, दगडांचा टेकू देऊन अशा लावल्या की मऊ ऊन चारींवर सारखं पसरलं.

"तीनशेनव्वद! चारशे!"

सोनेरी रिफ्लेक्टरही लावून बघितला. सोनेरी उन्हात माणूस देखणा दिसतो, पण पॅनेलला देखणेपणाशी काय करायचंय? दहा वॅट दिले त्यानं, रडतखडत. पण दहा तर दहा.

सूर्य काही आपल्यासाठी थांबत नाही. दर सहा-सात मिनिटांनी तीनही फळ्या बोटभर फिरवाव्या लागत. एकदा मी फिरवायला उभा राहिलो आणि आतून किंकाळी आली, "दोनशे! तात्या, सरका!" माझीच सावली पडली होती; तेवढा क्षण बॅटरीनं निभावला. तेव्हापासून पोटावर सरपटत गेलो. सदुसष्ट वर्षांचा माणूस पत्र्यावर पालीसारखा. मग काही कारण नसताना आकडा पुन्हा घसरायला लागला. ऊन तेवढंच, फळ्या जागच्या जागी, आणि तीनशेसत्तर, तीनशेपासष्ट.

"तापलं असणार," उटगीकर म्हणाले.

"काचेला तळहात लावला तर तव्यासारखी! शेवंताला म्हटलं, पाणी. तिनं फवारणीचा पंप पाठीवर घेतला आणि छपरावर चढून बसली. काच थंड झाली की वीस-पंचवीस वॅट परत यायचे."

"बरोबर. रिफ्लेक्टरनं ऊन वाढतं तशी उष्णताही वाढते. गरम पॅनेल कमी देतं. तुम्ही सगळं बरोबर केलंत, काका." उटगीकरांच्या आवाजात आता थट्टा नव्हती.

मध्येच सिस्टरनी खिडकीतून डोकं बाहेर काढलं. "रखमाजी विचारतायत, शॉट कधी होणार?"

"सांगा त्याला, हिरोचा मेकअप चाललाय!"

आत रखमा हसला असावा, कारण खोकल्याची मोठी उबळ ऐकू आली. सिस्टर आत पळाल्या. मी फळ्यांकडे सरपटलो.

असे आम्ही तीनपासून सव्वाचारपर्यंत आलो. त्या सव्वा तासात मशीन एकदाही थांबलं नाही. हे मी कुणाच्याही शपथेवर सांगतो. पण आमचा पश्चिमेचा कडा फार उभा आहे. बाहेरच्या जगात सहाला मावळतो तो सूर्य आमच्याकडे सव्वाचारला जातो. वर आभाळ उजळ, खाली ऊन नाही. सावली नाला ओलांडून आली. अंगणात आली. पायरी, ओटा, भिंत. रिफ्लेक्टर फिरवून फिरवून मी छपराच्या टोकाला पोचलो होतो, पुढं जागा नव्हती. जिथं ऊनच नाही तिथं फळी काय वळवणार?

"तीनशेदहा," सिस्टर. "दोनशे." मग हळू आवाजात, "तीस."

मशीननं शिट्टी मारली आणि गप्प झालं.

शेवंता माझ्याकडे बघत होती. तिच्या पाठीवर पंप, हातात नळी, आणि नळीतून पाणी नुसतंच गळत होतं. पावणेदोन तास उरले होते.

उपकेंद्राच्या उगवतीला, नाल्यापलीकडे एक टेकाड आहे. त्याच्या माथ्यावर अजून ऊन होतं. पिवळं, आडवं, पण ऊन.

"तुझ्या घरी कपाटाच्या दाराला आरसा आहे ना?"

"हाय."

"काढून आणतो."

"न्या," ती म्हणाली. पंप उतरवला आणि बापापाशी गेली.

आरसा तीन फुटांचा. स्क्रू गंजलेले होते, दारासकट उपटायची वेळ आली होती. तो पाठीला बांधला आणि या गुडघ्यांनी टेकाड चढलो. कसा चढलो ते आजही...

"मग?" उटगीकर पुढं सरकून बसले होते.

"मग काय! माथ्यावर उभा राहिलो. आरसा छातीशी धरला. सूर्य आरशात घेतला, असा, मांजराचं पिल्लू घ्यावं तसा, आणि फेकला खाली पॅनेलांवर. चारी पॅनेलं उजळली. सिस्टरचा आवाज नाल्यापलीकडनं मला ऐकू येत होता. शंभर! दोनशे! तीनशे! साडेतीनशे! मशीन सुरू झालं. खोऱ्यात सगळीकडे सावली, कडेकपारी निळ्या झालेल्या, पाखरं झाडावर येऊन बसलेली, आणि मध्ये एवढ्या चार काचांवर ऊन. सूर्य खाली खाली जायचा तसा मी आरसा कलता करायचो. हात भरून आले. डोळ्यापुढं काजवे चमकले. पण पॅनेलवरनं उजेड तसूभर हलू दिला नाही, साहेब. तसूभर नाही. सूर्य गेला तरी मी सोडला नाही, त्याची शेपटी धरून ठेवली. सहाला लाँचचा भोंगा वाजला. गडी धावत आले, रखमाला उचलायला लागले तर हा म्हणतो, 'सोडा, मी चालतो.' चालत येऊन लाँचमध्ये बसला. दिवाळीला घरी आला, याच धक्क्यावर. मीच हात देऊन उतरवून घेतला."

स्टोव्हचा आवाज तेवढा.

उटगीकरांनी वही काढली होती. पेन्सिलीनं काहीतरी मांडलं, परत मांडलं. मला वाटतं, त्यांना ते मांडायचं नव्हतं. सवय.

"टेकाड किती लांब, काका? दीडशे मीटर?"

"असेल."

"आणि आरसा एकच? तीन फुटी?"

"एक. पण जुना होता. जुन्या आरशांना पारा जाड असतो."

"नाही, कसंय..." ते अवघडले. "आरशातनं निघालेलं ऊन जितकं लांब जातं तितकं पसरत जातं. तिथं पोचेस्तोवर ते चादरीएवढं होतं, पण फिकं. शिवाय आडवं पडणार. पन्नास वॅट मिळतील. फार तर साठ. साठ वॅटवर ते मशीन चालू होणार नाही. म्हणजे तुम्ही ते केलं नाही असं नाही म्हणत मी..."

"साहेब, तुम्ही होता का तिथं?"

"नाही."

"मग झालं तर. माणूस जगला ना? माणूस जगला याचा अर्थ वीज होती. ते तुमच्या वहीत बसत नसेल तर वही बदला."

"साठच होतं," शेवंता म्हणाली.

तिनं स्टोव्ह बंद केला होता. केव्हा केला, कळलं नाही.

"साठ. सिस्टरनी दोन डाव वाचलं. मशीन परत चालू झालंच न्हाई."

"शेवंता, साहेबांना चहा—"

"खोटं बोलताय तात्या तुम्ही." आवाज चढवला नाही तिनं. भांडी आवरताना बोलावं तसं बोलली. "बारा वर्सं ऐकते मी हे. परतेक पाव्हण्याला सांगताय. कधी आबा चालत लाँचला जात्यात, कधी खांद्यावर जात्यात. मी गप बसते. म्हातारा माणूस, बोलू दे. पण आबा लाँचला गेलेच न्हाईत. लाँच आली तवा मी त्यास्नी आंघोळ घालत होते."

उटगीकर माझ्याकडे बघायला लागले. मी पाण्याकडे बघत राहिलो. लाँच अजून दिसत नव्हती.

"ऊन पॅनेलावर होतं, धा मिनटं. ते खरं हाय. सिस्टर खिडकीतनं हात हलवत होत्या तुम्हाला, न्हाई होत म्हणून. तुम्हाला दिसलं. दिसलं का न्हाई?"

मी गुडघे चोळत राहिलो.

"मग ते छपरावरनं उतारलं. मी आबांना पाठीमागनं टेकू देऊन बसले होते. खोलीत अंधारल्यासारखं झालं होतं, आन त्यास्नी तर आधीच दिसंनासं झालं होतं. तुमचं ऊन भितीवरनं सरकत सरकत आलं, खिडकीच्या गजावर आलं, आन आत आलं. आबांच्या तोंडावर. त्यांनी डोळं उघडलं. मला वाटलं, काय सांगत्यात आता शेवटचं. तर म्हणाले, 'बाबूला सांग... जरा डावीकडं. डोळ्यात जातंय.'"

तिनं फडकं उचललं आणि पुन्हा तिथंच ठेवलं.

"सिस्टरनी त्यास्नी धरलं. मी खिडकीत गेले, तुम्हाला हात केला. आन तुम्ही घेतलं डावीकडं. बराबर गालावर. त्येच्यातच गेले आबा, पाचच्या आत. ऊब घेत बसल्यावानी. ते गेल्यावरबी तुम्ही धरलंच होतं, तुम्हाला वरनं काय कळणार? टेकाडावरचं ऊन सपलं तवाच त्यांच्या तोंडावरनं गेलं."

उटगीकरांनी वही हळूच पिशवीत सरकवली.

"एवढ्या लोकांना एवढं सांगता तात्या," शेवंता म्हणाली, "मग तेवढंच का गाळता?"